डॅनियल लेडलॉचा श्वास

बॅगपाइप वाजवायला दमसास लागतो. काखेतली पिशवी सतत फुंकून भरलेली ठेवावी लागते, नाहीतर सूर तिथंच कोलमडतो. आणि क्लोरीन हा विषारी वायू माणसाला धरतो तो श्वासातूनच. पहिल्या महायुद्धातल्या डॅनियल लेडलॉ या ब्रिटिश सैनिकाच्या शौर्याबद्दल वाचताना हे लक्षात आलं आणि मी पुढचं वाचायची थांबले.

२५ सप्टेंबर १९१५, उत्तर फ्रान्समधलं लूस. किंग्ज ओन स्कॉटिश बॉर्डरर्स या ब्रिटिश पलटणीची सातवी बटालियन हल्ल्यासाठी खंदकात तयार होती. वरून तोफगोळे पडत होते, खंदकात वायू भरला होता. पोरं खोकत होती, गुदमरत होती, जागची हलेनात. लेडलॉ तेव्हा चाळिशीचा, म्हणजे त्या पोरांत वयस्करच. तो बॅगपाइप घेऊन खंदकाच्या काठावर चढला आणि वाजवत येरझाऱ्या घालू लागला. फुंकणी ओठांत धरायची तर तोंडावर मुखवटा ठेवून कसं चालेल? त्या हवेत तो उघड्या तोंडानं छाती भरून श्वास घेत होता. कंपनी उठली आणि धावली. तोही वाजवत मागोमाग गेला, पायाला जखम होऊन थांबेपर्यंत.

त्याला व्हिक्टोरिया क्रॉस, ब्रिटिशांचं शौर्याचं सर्वोच्च पदक, मिळालं. त्याच्या मानपत्रात लिहिलंय की वायूमुळे कंपनी डळमळली होती. वायू कुणाचा, ते लिहिलेलं नाही. तो ब्रिटिशांचाच होता! ब्रिटिश फौजेनं विषारी वायू पहिल्यांदा वापरला तो याच लढाईत. वारा मंद होता, काही ठिकाणी उलटा फिरला, आणि सोडलेला वायू स्वतःच्याच माणसांवर आला. मला हे लपवणं मान्य नाही. लेडलॉचं धैर्य त्यानं तसूभरही कमी होत नाही, पण ते धैर्य दाखवायची वेळ त्याच्यावर कुणी आणली, हे त्याच कागदावर यायला हवं होतं. लूसच्या लढाईत ब्रिटिशांचे मेलेले, जखमी आणि बेपत्ता मिळून पन्नास हजारांवर सैनिक गेले. विजय काही मिळाला नाही.

आता आपल्याला टोचणारी गोष्ट. हा लेडलॉ त्याआधी डरहॅम लाइट इन्फन्ट्रीतून हिंदुस्थानात आला होता. १८९८ च्या मुंबईच्या प्लेगमधल्या कामाबद्दल त्याला प्रशस्तिपत्रही मिळालं होतं. प्लेग आणि गोरा सोल्जर म्हटलं की आपल्याला रँड आठवतो, पुण्यातल्या घराघरांत घुसून घेतलेल्या झडत्या आठवतात, २२ जून १८९७ ची गणेशखिंड आठवते. आमच्या पणजीच्या तोंडून घरात उतरलेल्या गोष्टींतही गोऱ्या शिपायाबद्दल एक चांगला शब्द नव्हता. हा भाग गाळावा असं मला दोनदा वाटलं. पण वायू कुणाचा ते गाळलं म्हणून मानपत्रावर रागवायचं आणि मुंबई मी गाळायची, हे मला जमणार नाही. त्या काठावर चढलेला माणूस आणि आपल्या प्लेगच्या मुंबईत आलेला सोल्जर एकच आहे. मला त्याच्याबद्दल आदर वाटतो, आणि पणजीच्या गोष्टीही मी खऱ्याच मानते.

युद्धानंतर त्याचे दिवस ओढगस्तीतच गेले, बराच काळ हाताला काम नव्हतं. १९५० मध्ये तो गेला. इंग्लंड-स्कॉटलंडच्या सीमेवरच्या नॉरम गावी, चर्चच्या आवारात त्याला पुरलं. त्या जागेवर त्याच्या नावाचा दगड बसला तो २००२ साली, बावन्न वर्षांनी.