पॅन हरवलं म्हणून नवीन काढायचं नसतं: गेवराईच्या सेंटरवाल्या भाऊंना उत्तर

नमस्कार भाऊ,

तुमची प्रतिक्रिया काल रात्री वाचली, आज सकाळी चहा घेताना परत वाचली. रात्री राग आला होता, खोटं कशाला बोलू. सकाळी निम्मं तुमचंच बरोबर वाटलं. राहिलेल्या निम्म्यावर मात्र आपलं जमणार नाही. कमेंटच्या चौकटीत एवढं मावत नाही, म्हणून इथं सविस्तर लिहितोय.

ज्यांनी वाचली नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. मागच्या महिन्यात मी लिहिलं होतं की पॅन कार्ड हरवलं तर सेंटरवर तीनशे-चारशे रुपये घालवू नका, पन्नास रुपयांत घरबसल्या तेच परत छापून (रीप्रिंट) मागवता येतं. त्यावर गेवराई तालुक्यात सेवा केंद्र चालवणाऱ्या या वाचकांनी लिहिलं: “साहेब, तुमचा लेख पुण्या-मुंबईच्या माणसासाठी आहे. आमच्याकडं येणाऱ्या दहातल्या सात जणांचा मोबाईल आधारला नसतो. नाव एकीकडं एक, दुसरीकडं दुसरंच. लाईट असली की सर्व्हर नसतो, सर्व्हर आला की लाईट जाते. तीनशे घेतो त्यात फॉर्म, फोटो, स्कॅन, झेरॉक्स, चार चकरा सगळं आलं. तुम्ही एका ओळीत आम्हाला लुटारू करून टाकलं. आणि जुना नंबर गावत नसला की आम्ही सरळ नवीन काढून देतो. गिऱ्हाईक खूश, काम खतम. तुमच्या त्या रीप्रिंटनं कुणाचं भलं व्हायलंय?” शेवटी त्यांनी साखर कारखान्यावर गेलेल्या एका कोयत्याबद्दल, म्हणजे ऊसतोड करणाऱ्या नवरा-बायकोच्या जोडीबद्दल विचारलंय: कार्ड आलं तेव्हा घराला कुलूप, आता काय करायचं? त्यावर शेवटी येतो.

आधी पैशाचं. इथं मी चुकलो. पन्नास रुपये ही सरकारी फी झाली. तुमची मेहनत त्यात कुठंच नाही, आणि मी ती शून्य धरली. ज्याला फोनवर ओटीपी वाचता येत नाही त्याच्यासाठी अर्धा तास बसायचं, फोटो कापून बसवायचा, सही चौकटीबाहेर गेली की परत घ्यायची, याचे पैसे घेणं म्हणजे लूट नव्हे. ते वाक्य मी बदललंय. आता तिथं एवढंच आहे की फी किती आणि सेंटरचे किती, हे गिऱ्हाइकानं वेगवेगळं विचारावं. तुम्ही भिंतीवर दोन आकडे लावून ठेवले तर माझ्यासारख्या माणसाला लिहायला जागाच उरणार नाही.

पण “नंबर गावत नसला की नवीन काढून देतो” हे वाचून मी हातातला कप खाली ठेवला.

भाऊ, पॅनमधल्या पी चा अर्थच परमनंट. कार्ड हरवतं, भिजतं, उंदीर कुरतडतात. नंबर हरवत नाही. तो दहा अक्षरांचा नंबर माणसाला आयुष्यात एकदाच मिळतो. दुसरा जवळ ठेवला तर दहा हजार रुपये दंडाची तरतूद आहे. दंड खेड्यातल्या माणसाला कधी कुणी लावला, असं तुम्ही विचाराल. मान्य. दंडाचं सोडा, गुंता बघा.

माझा चुलतभाऊ २०१२ साली पुण्याला कंपनीत लागला, तिथं त्याचं पॅन काढलं. दोन वर्षांत नोकरी सोडून गावाकडं आला, कार्ड कुठंतरी गेलं. २०१६ मध्ये बँकेनं मागितलं तेव्हा तो आमच्याकडच्या एका सेंटरवर गेला, आणि तुम्ही करता तेच त्या पोरानं केलं. “नवीन काढू की, हाय काय त्यात.” पंधरा-वीस दिवसांत नवंकोरं कार्ड घरपोच. पुढं आधार जोडायची वेळ आली तेव्हा ते नव्या नंबरला जोडलं गेलं, कारण खिशात तेच कार्ड होतं. एक आधार एकाच पॅनला जोडता येतं. म्हणजे पीएफ ज्या नंबरवर होता तो जुना नंबर आपोआप निष्क्रिय. बहिणीच्या लग्नाला पीएफ काढायला गेला तेव्हा हे सगळं उघडं पडलं. मग जास्तीचा नंबर परत करायचा अर्ज, त्याची पोच, ती घेऊन जुन्या कंपनीच्या ऑफिसात फोनावर फोन. लग्न हातउसन्या पैशांवर लागलं. सेंटरवाल्या पोरानं वाईट हेतूनं केलं असं मी म्हणत नाही. त्याला वाटलं, मदतच करायलोय.

तुम्ही म्हणाल, आता जुलै २०२५ पासून नवीन पॅनला आधारची पडताळणी लागतेच, दुसरा नंबर निघेलच कसा? जुना नंबर आधारला जोडलेला असेल तर बरोबर, तिथं अडतं. पण ज्यांनी जोडणीच केली नाही, त्यांचा जुना नंबर त्या चाळणीतून सुटतो. आणि तुमच्या-माझ्या गावात असे लोक कमी आहेत का?

घोळाचं मूळ फॉर्मच्या नावातही आहे, हे मात्र तुमच्या बाजूनं सांगतो. पहिल्यांदा पॅन काढायचा तो एक फॉर्म. हरवलेल्या कार्डासाठी आणि दुरुस्तीसाठी दुसरा फॉर्म, आणि त्याच्या मथळ्यातच आधी ‘नवीन पॅन कार्ड’ असं लिहिलेलं, मग बदल आणि दुरुस्ती. कार्ड नवीन, नंबर जुनाच, हे मथळा वाचून कुणाच्या बापाला कळणार? या फॉर्मवर डाव्या बाजूच्या एकाही चौकटीत टिक केली नाही, तर माहितीत काही न बदलता त्याच नंबरचं कार्ड परत छापून येतं. याला पन्नास नाही, १०७ रुपये लागतात. पन्नासवाली रीप्रिंट फक्त त्यांच्यासाठी, ज्यांचा चालू मोबाईल किंवा ईमेल पॅनच्या नोंदीत आहे, कारण ओटीपी तिथंच जातो. हा फरक मी मागच्या लेखात गाळला होता. ज्यांचा मोबाईल पॅनच्या नोंदीतही नाही, अशा तुमच्या गिऱ्हाइकांना तो थेट लागू होतो. ही माझी दुसरी चूक.

नंबर गावत नाही म्हणता, तर तो कुठं कुठं लिहिलेला असतो बघा. बँकेत केवायसीला दिलेला असतो. पासबुक आणि आधार घेऊन शाखेत गेलं तर बहुतेक ठिकाणी सांगतात. नोकरी केली असेल तर पगाराच्या स्लिपवर, फॉर्म १६ वर. सोनं गहाण ठेवलं असेल तर त्या कागदावर. एकाचा नंबर तर आम्हाला ट्रॅक्टरच्या कर्जाच्या फाईलमध्ये, चहा सांडलेल्या झेरॉक्सवर मिळाला, आणि त्यातही शून्य आहे की ओ यावर दहा मिनिटं वाद. (वादाचं कारण नव्हतं. पहिली पाच अक्षरं, मग चार आकडे, मग एक अक्षर, हा साचा ठरलेला. जागा बघितली की शून्य का ओ ते कळतं.)

आता नावांचं. इथं तुम्ही म्हणता ते शंभर टक्के खरं, आणि पुण्या-मुंबईच्या माणसाला ते समजणारही नाही. आमच्या आईचंच कार्ड सांगतो.

आपण नाव कसं लिहितो? आधी आडनाव, मग स्वतःचं, मग नवऱ्याचं. आईचं नाव सेंटरवर असंच सांगितलं गेलं, आणि भरणाऱ्यानं ते तसंच डावीकडून उजवीकडं चौकटीत ओतलं. फॉर्मला ‘लास्ट नेम’ म्हणजे आडनाव हवं असतं. त्यात शेवटचं म्हणून माझ्या वडिलांचं नाव गेलं, बाबूराव. आता नंबरातलं चौथं अक्षर पी असलं की ते व्यक्तीचं पॅन, आणि पाचवं अक्षर आडनावाचं पहिलं. आमचं आडनाव जे वरनं, पण आईच्या नंबरात पाचवं अक्षर बी. ते बाबूरावांचं. एवढ्यावर थांबलं नाही. वडिलांचं नाव म्हणून जी चौकट असते तिथंही बाबूराव. बाईमाणसाच्या नावाला नवऱ्याचं नाव जोडायची आपली सवय, भरणाऱ्याची काय चूक! पण पॅनच्या फॉर्मात लग्न झालेल्या बाईलाही वडिलांचंच नाव विचारतात, नवऱ्याला तिथं जागाच नाही. म्हणजे आयकर खात्याच्या लेखी माझे वडील हे माझे आजोबा झाले, आणि तसे ते चार वर्षं राहिले. वडिलांना हे सांगितलं तर ते म्हणाले, “म्हणजे मी आता तुला दोनदा रागावू शकतो.”

दुरुस्ती केली. नाव सरळ झालं, आईच्या वडिलांचं नाव आलं. पाचवं अक्षर मात्र बी च राहिलं, कारण दुरुस्तीत नंबर बदलत नाही. पोरगी लग्नानंतर आडनाव बदलते तेव्हाही तेच. पाचवं अक्षर जुळत नाही म्हणून कार्ड खोटं, असं कुणी म्हणालं तर घाबरायचं नाही.

तुमच्याकडं बचत गटाच्या बायका येत असतील. एवढं एक करा, फॉर्म भरताना “वडिलांचं नाव?” असं न विचारता “माहेरच्या बापाचं नाव काय?” असं विचारा. उत्तर बरोबर येतं. मी करून बघितलंय.

जन्मतारखेचं तर बोलायलाच नको. आपल्या पिढीआधीचं अर्धं गाव १ जूनला जन्मलेलं. शाळेत नाव घालताना गुरुजींनी वर्ष अंदाजानं धरलं आणि तारीख ठोकून दिली. तरी १ जूनवाले नशीबवान, कारण सगळीकडं तीच तारीख असते. खरा त्रास ज्यांच्या आधारवर नुसतं जन्मवर्ष आहे त्यांना. आयकरच्या साईटवर आधारच्या ओटीपीनं फुकट ई-पॅन (पॅनची पीडीएफ) निघतं, पहिल्यांदाच पॅन काढणाऱ्या सज्ञान माणसाला. पण आधारवर पूर्ण तारीख नसेल तर ते निघत नाही. म्हणून माझा आग्रह, आधी आधार नीट करा, मग पॅनला हात लावा. मोबाईल जोडायला आता ७५ रुपये लागतात (ऑक्टोबर २०२५ च्या आधी पन्नास होते) आणि पहिल्यांदा जोडताना माणूस स्वतः हजर लागतो. उलट्या क्रमानं गेलं की चुकीच्या आधारवरून चुकीचं पॅन निघतं आणि दोन्हीकडं दुरुस्तीची फी भरावी लागते. मोबाईल कुणाचा जोडलाय हे लाडकी बहीणच्या ई-केवायसीनं बऱ्याच घरांत उघडं पडलंच आहे. आमच्या गल्लीत एकीचा ओटीपी दिराच्या फोनवर, आणि दीर कंपनीत नाईट शिफ्टला.

अंगठ्याचं तुम्ही लिहिलं नाहीत, पण तुम्हाला ते ठाऊक असणारच. सही येत नसेल तर फॉर्मवर डाव्या हाताचा अंगठा चालतो, पण तो नोटरी, दंडाधिकारी किंवा राजपत्रित अधिकाऱ्यानं शिक्क्यानिशी साक्षांकित करावा लागतो. शेजारच्या आजींना घेऊन आम्ही तहसीलजवळच्या नोटरीकडं गेलो होतो. नोटरीनं जेवढे घेतले तेवढ्यात दोन पॅन झाले असते. अशा माणसाकडून तुम्ही पाचशे घेतले तरी माझी तक्रार नाही, ते पाचशे कशाकशाचे एवढं सांगा म्हणजे झालं.

आता त्या कोयत्याचं. नवरा-बायको कारखान्यावर, घराला कुलूप, पोस्टमन येऊन गेला. छापील कार्ड खात्याच्या नोंदीतल्या पत्त्यावरच जातं, कर्नाटकातल्या उसाच्या फडावर नाही. पुढच्या वर्षी दिवाळीनंतर टोळी हलायच्या तोंडावर अर्ज करू नका, किंवा पोस्टमनला शेजारचं घर सांगून ठेवा. पण बँकेला आत्ता पाहिजे असेल तर कार्डाची वाट बघायची गरज नाही. ई-पॅनची पीडीएफ कार्डाइतकीच चालते. पॅनचे अर्ज घेणाऱ्या ज्या एजन्सीकडून अर्ज केला तिच्याच साईटवर मिळते. पॅन मिळाल्यापासून तीस दिवसांच्या आत फुकट, नंतर ८ रुपये २६ पैसे. ओटीपी त्यांच्या फोनवर जाईल, म्हणून फडावर दुपारच्या जेवणाच्या सुट्टीत फोन लावा. पीडीएफ आली की व्हॉट्सॲपवर टाका. ती उघडायला पासवर्ड मागेल. पासवर्ड म्हणजे जन्मतारीख, दिवस, महिना आणि वर्ष सलग आठ आकडे. त्यांना तारीख आठवत नसेल तर ०१०६ नं सुरुवात करून बघा.