आत्याचा हात

जर्मनीतल्या डॉर्टमुंडमधल्या माझ्या खोलीत तीन आठवडे मी माझ्या माहितीपटातला एकच शॉट पुन्हा पुन्हा लावते आहे. नागपुरात, अंबाझरी तलावाच्या खालच्या अंगाला असलेल्या घराच्या मागच्या दारात आत्या उभी आहे. समोर पार्किंगच्या टाइल्स, त्यापलीकडे कंपाउंडची भिंत. बराच वेळ ती गप्प. मग हात लांबवून हवेत एक वळण काढते. "इथून वळत होती. आमी गोधड्या धुवाले इथंच बसत होतो."

ती नाग नदीबद्दल बोलते आहे. गावात तिला आता सर्रास नाला म्हणतात. लाव्हा गावाजवळच्या टेकड्यांकडून येणारी, अंबाझरीतून शहरात उतरणारी, पुढे कन्हान नदीला मिळणारी ही नदी. २३ सप्टेंबर २०२३ च्या पहाटे पाऊस कोसळला, अंबाझरी ओसंडला आणि पाणी घराघरांत शिरलं. शेजारी समोरचं दार अडवत होते. आत्या म्हणत होती, "मागच्या खोलीतले गहू उचला आधी, पाणी पैले मागून येईन." आलंही मागूनच.

तेव्हापासून घरच्या प्रत्येक फोनवर तोच वाद. तलावाच्या सांडव्यापुढचं विवेकानंद स्मारक, आवळलेलं पात्र, काठावरची बांधकामं. प्रकरण हायकोर्टातही गेलं. मला खुपतं ते हे की या सगळ्यात आत्याला कुणी काही विचारलं नाही. नदी-सुधारणेच्या १९०० कोटींहून मोठ्या प्रकल्पाचं भूमिपूजन २०२२ च्या डिसेंबरात झालं. तो व्हायलाच हवा, सांडपाणी अडल्याशिवाय नदी नाही. पण अशा कामाच्या अहवालात काठावरच्या म्हाताऱ्या माणसांच्या आठवणींचं एक प्रकरण असलंच पाहिजे. पाणी कुठून येतं, कुठं थांबतं, हे त्यांनी डोळ्यांनी पाहिलेलं असतं.

आतेभाऊ चिडतो. "तू तिकडे स्वच्छ नदीच्या काठी बसून आमाले काय शिकवून राहिली?"

त्याचा राग मला समजतो. पण इथली एम्शर नदी स्वच्छ नव्हतीच. कोळसा-पोलादाच्या या मुलखानं शंभरावर वर्षं तिचं उघडं गटार केलं होतं. लोक तिला विष्ठेचा ओढा म्हणत. १९९२ च्या सुमारास काम सुरू झालं, ५१ किलोमीटर लांबीचा सांडपाण्याचा मुख्य बोगदा खणला गेला, आणि २०२१ च्या अखेरीस नदीत मैला जाणं थांबलं. तीस वर्षं! माझ्या भागात, ह्योर्डेत, तर ती पोलादाच्या कारखान्याखाली गाडलेली होती. कारखाना २००१ मध्ये बंद पडला, सुटा करून चीनला गेला, आणि २०१० पासून त्या जागी पाणी भरून तलाव केला. काठावर महागडी घरं आली. पोलाद बनवायचं एक प्रचंड भांडं तेवढं तिथं स्मारक म्हणून उभं आहे.

तिथं फिरताना भेटणारे एक निवृत्त कामगार मला भट्टी कुठं होती ते दाखवतात. पाण्याच्या मधोमध बोट रोखून. त्यांना धूळ परत नको आहे, तलाव त्यांना आवडतो. तरी बोट तिकडेच जातं. म्हणून मी इथलं उदाहरण आदर्श म्हणून सांगत नाही. नदी उघडी करायला इथं धीर दाखवला, पण कामगारांची वस्ती मात्र हातची गेली. नागपूरचंही तसंच: तिथली एम्प्रेस कापडगिरणी १ जानेवारी १८७७ ला सुरू झाली, आज तिच्या जागेवर मॉल आहे. भोंगा ऐकून घड्याळ लावणारी माणसं त्याच शहरात अजून आहेत. त्यांच्यापुढे कॅमेरा ठेवायला कितीसा खर्च येतो?

आठवण चुकतेही, हे मी रोज फुटेजमध्ये पाहते. आत्या म्हणते, लहानपणी पाणी नितळ होतं, तळ दिसायचा. तिच्याच वयाचे शेजारचे काका म्हणतात, वास तेव्हाही यायचा. मी दोघांनाही कापणार नाही. जो माहितीपट एकालाच खरं ठरवतो तो मला अपुरा वाटतो.

डिसेंबरात नागपूरला जाते आहे. भूमापनाचा जुना नकाशा मिळवून आत्याचं वळण त्यावर बसतं का, ते मागच्या दारात उभं राहून पाहायचं आहे. फोनवर तिनं विचारलं, "अन् नाही बसलं तं?"

मी म्हटलं, मग तुझा हातही ठेवीन आणि नकाशाही.