क्रिकेट येत नसेल तर आधी फर्निचरचं दुकान काढा

तुम्हाला बॅट धरता येत नाही. धावताना दम लागतो. चेंडू टाकलात तर तो वर जाऊन खाली येईपर्यंत फलंदाज बूट बांधून घेतो. आणि तरीही आपण संघाचे कर्णधार व्हावं, आगबोटीने परदेश दौरे करावेत, असं तुम्हाला मनापासून वाटतं. मग नेट प्रॅक्टिसच्या नादी अजिबात लागू नका, त्यात नुसता घाम जातो. तुम्ही इंग्लंडातल्या फर्निचरवाल्या सर ज्युलियन कान यांचा रस्ता धरा.

सुरुवात योग्य घरात जन्म घेण्यापासून करा. सर ज्युलियन १८८२ साली कार्डिफमध्ये जन्मले, ते जर्मनीतून आलेल्या ज्यू वडिलांच्या पोटी, आणि या वडिलांनी नॉटिंगहॅमला फर्निचरचा धंदा थाटला. तुमच्या वडिलांनी असलं काही केलं नसेल तर त्यांच्याशी एकदा बोलून घ्या. दुकान हाती आलं की माल रोखीने विकायचा खुळा हट्ट सोडा. गिरणी कामगाराच्या घरात पलंग आधी जाऊ द्या, पैसे हप्त्याहप्त्याने येत राहतील. या हप्त्यांवर ‘जेज अँड कॅम्पबेल्स’ या नावाच्या दुकानांची साखळीच उभी राहिली. तुमची एवढी झाली, की मग क्रिकेटचा विचार करा.

पण एक पथ्य पाळा. तुम्ही हौशी खेळाडू आहात हे कधीही विसरू नका. त्या काळच्या इंग्लंडात हौशी म्हणजे ‘जंटलमन’ आणि पैसे घेऊन खेळणारा तो नुसता ‘प्लेअर’. दोघांच्या ड्रेसिंगरूम वेगळ्या, लॉर्ड्‌सवर मैदानात उतरायची फाटकंही वेगळी. हौशी माणसाची आद्याक्षरं आडनावाच्या आधी छापायची, पगारी माणसाची नंतर. १९५० मध्ये लॉर्ड्‌सच्या ध्वनिक्षेपकावरून एक दुरुस्ती गंभीरपणे जाहीर झाली होती: पत्रिकेत ‘एफ. जे. टिटमस’ असं छापलंय, ते ‘टिटमस, एफ. जे.’ असं वाचावं. मुंजीच्या पंगतीतसुद्धा पानं इतक्या काळजीने मांडत नाहीत. हा सोवळ्याचा प्रकार १९६२ साली रद्द झाला, पण तुम्ही तोवर थांबू नका, कारण सगळी मजा त्यातच आहे.

मजा अशी. हौशी खेळाडूला खेळण्याचे पैसे देता येत नाहीत. बरोबर. पण खुर्च्या विकण्याचे देता येतात ना? म्हणून जगात कुठे चांगला फलंदाज दिसला की त्याला बोलावून घ्या आणि दुकानात चिकटवून टाका. न्यूझीलंडच्या स्ट्यूई डेम्प्स्टरकडे बघा. १९३० मध्ये न्यूझीलंडसाठी कसोटीतलं पहिलं शतक याने ठोकलं, आणि कसोटी कारकिर्दीत सरासरी राखली ६५.७२. एवढी सरासरी असलेल्या माणसाने आणखी काय करावं? लेस्टरचं फर्निचरचं दुकान सांभाळावं. शिवाय हौशी म्हणून लेस्टरशायरचं कर्णधारपदही करावं. कुणाच्या सोवळ्याला धक्का लागला नाही. दक्षिण आफ्रिकेचा मॉर्केल आला, सिडनीहून जॅक वॉल्श आणि व्हिक जॅक्सन आले. गिऱ्हाइकाला कपाट दाखवणारा माणूस दुपारी कुणाचा तरी त्रिफळा उडवून आलेला असू शकतो, असं ते वैभव.

मैदानं दोन ठेवा. सर ज्युलियन यांचं एक वेस्ट ब्रिजफर्डला होतं, दुसरं त्यांच्या स्टॅनफर्ड हॉल या हवेलीच्या आवारात. पाहुण्या संघाला दुपारचं जेवण सढळ हाताने वाढा, म्हणजे चहापर्यंत त्यांचे क्षेत्ररक्षक खाली वाकायचा विचार सोडून देतील. १९२३ ते १९४१ या काळात सर ज्युलियन यांचा संघ ६२१ सामने खेळला आणि हरला फक्त १९. हे यश कर्णधाराचंच म्हणायचं, दुसऱ्या कुणाचं म्हणणार?

आता तुमच्या स्वतःच्या फलंदाजीचं बघू. त्यासाठी पॅड खास बनवून घ्या, फुगवता येणारे. सर ज्युलियन यांच्या पॅडमध्ये नोकर पंपाने हवा भरत असे. श्रीमंतांच्या एरवी डोक्यात जाते ती हवा, इथे पायात. चेंडू त्यावर आपटून टुणकन दूर जायचा आणि लेगबाय मिळायच्या. त्यातल्या काही त्यांच्या नावावर धावा म्हणून लागत, असंही सांगतात. अंपायरला दोष देऊ नका. मैदान कुणाचं, जेवण कुणाचं, एवढं भान सुसंस्कृत माणसाला असतंच.

दौऱ्यांसाठी दुसऱ्या कुणाच्या आमंत्रणाची, निवड समितीची वाट बघू नका. निवड समिती म्हणजे तुम्हीच. जमैका, अर्जेंटिना, डेन्मार्क, अमेरिका, सिलोन, मलाया आणि १९३९ मध्ये न्यूझीलंड: तिकिटं तुमची, संघ तुमचा, मग कर्णधार कोण यावर वाद कशाला?

नावामागे ‘सर’ लागलं (त्यांना १९२९ मध्ये लागलं) तरी समाधान मानू नका, वंशपरंपरेने चालणारी बॅरोनेटची पदवी बघा. त्याचा मार्ग थोडा आडवाटेचा आहे. मॉंडी ग्रेगरी नावाचा एक दलाल पदव्या विकत असे. १९३३ मध्ये तो पकडला गेला, दोन महिने तुरुंगात गेला, आणि बाहेर आल्यावर त्याने तोंड उघडलं असतं तर कॉन्झर्व्हेटिव्ह पक्षाची बरीच मोठी नावं अडचणीत आली असती. त्याला फ्रान्समध्ये गप्प बसवायला पैसे लागणार होते. सर ज्युलियन यांनी तीस हजार पौंड काढून दिले. १९३४ मध्ये ते बॅरोनेट झाले. पंतप्रधान मॅकडोनाल्ड यांनी यावर आपल्या डायरीत चडफडाट केला, पण सही केली.

थोडा दानधर्मही करा, नाहीतर लोक वाईट बोलतात. कवी बायरनचं घर, न्यूस्टेड ॲबी, विकत घेऊन त्यांनी १९३१ मध्ये नॉटिंगहॅम शहराला देऊन टाकलं. बाळंतिणींच्या वेदना कमी करणारी यंत्रं इस्पितळांना मिळावीत म्हणून पैसा दिला. इथे माझा उपरोध जरा लंगडा पडतो हे मान्य आहे. म्हणून लगेच हवेलीकडे वळू: तिथे साडेतीनशे खुर्च्यांचं स्वतःचं नाट्यगृह बांधा, त्यात जादूचे प्रयोग स्वतःच करा, आणि बागेतल्या तलावात समुद्रसिंह पाळा. प्रेक्षकांत तुमचे पगारी क्रिकेटपटू बसलेले असले की टाळ्यांची चिंता नाही.

धंदा मात्र वेळेत विका. त्यांनी १९४३ मध्ये ‘ग्रेट युनिव्हर्सल स्टोअर्स’ला विकला आणि पुढच्याच वर्षी ते गेले. १९४५ पासून स्टॅनफर्ड हॉलमध्ये सहकार चळवळीचं कॉलेज भरू लागलं. म्हणजे हप्त्यावर पलंग विकून बांधलेल्या नाट्यगृहाशेजारी कामगारांना ग्राहक भांडाराचे हिशेब शिकवू लागले. आपल्याकडच्या एखाद्या चेअरमननेही ही हवेली आनंदाने चालवली असती, समुद्रसिंहांसकट.

आणि तो जॅक वॉल्श? मालक गेल्यावर तो लेस्टरशायरकडून खेळत राहिला. १९४८ च्या एका मोसमात त्याने १७४ बळी घेतले, तेही उघड उघड पगार घेऊन.