‘बटण दाबलं की सिनेमा सुरू’ म्हणणाऱ्या वाचकास

नमस्कार भाऊ. थिएटरमध्ये प्रोजेक्टर चालवणाऱ्या ऑपरेटरांवरच्या माझ्या लेखाखाली तुम्ही लिहिलंत, ‘रडगाणं पुरे. रीळ गेली, आता पेनड्राइव्ह लावायचा नि बटण दाबायचं. ऑपरेटर हवाच कशाला?’ मतभेद असू द्या. पण उभी हयात केबिनमध्ये काढलेल्या माणसांबद्दल बोलायची ही कुठली रीत? ट्रेलर पेनड्राइव्हवरून चढतो, एवढं मान्य.

अख्खा सिनेमा मात्र दीडशे-दोनशे जीबीचा असतो. थिएटरच्या सर्व्हरवर, म्हणजे सिनेमा साठवून चालवणाऱ्या कॉम्प्युटरवर, चढवला तरी केडीएम, म्हणजे डिजिटल किल्ली, आल्याशिवाय तो उघडत नाही. ही किल्ली त्याच सर्व्हरपुरती आणि ठरावीक तारीख-वेळेपुरतीच चालते. मधल्या काळात मीडिया ब्लॉक, म्हणजे किल्लीनं सिनेमा उघडणारं सर्किट कार्ड, बदलला असेल तर जुनी किल्ली बाद. हे शुक्रवारी सकाळी कळलं की पहिला शो बुडाला. म्हणून ती आदल्या दिवशीच कुणीतरी तपासावी लागते.

आता झेनॉन दिवा, म्हणजे प्रोजेक्टरमधला झेनॉन गॅसचा दिवा. पडद्यावर १४ फूट-लॅम्बर्ट (हे उजेडाचं माप) उजेड पडायला हवा. दिवा जुना झाला की उजेड उतरतो, मग करंट वाढवायचा, दिवा पुन्हा मध्यावर आणायचा. बदलताना तोंडावर शील्ड आणि हातात मोजे हवेतच, कारण थंड दिव्यातही गॅस दाबाखाली असतो. काचेवर बोटाचा तेलकट ठसा राहिला तर तेवढीच जागा जास्त तापते आणि दिवा फुटू शकतो. आपल्या नागपुरात मे महिन्यात पारा ४५ च्या वर जातो. फिल्टरमध्ये धूळ साचलेली असली, एक्झॉस्ट कमी पडला, की प्रोजेक्टर गरम होऊन ऐन शोमध्ये दिवा बंद करतो. कोणतं बटण दाबाल तेव्हा? प्रोजेक्टर दुरुस्तीवरच माझं घर चालतं, ऐकीव गोष्टी लिहीत नाही मी.

आवाजाचंही तेच. फेडर, म्हणजे आवाज कमी-जास्त करायचं बटण, ७ वर धरून मिक्सिंग झालेलं असतं. ‘फार मोठा आहे’ अशी तक्रार आली की तो ५ वर आणतात, आणि हळू बोललेले संवाद गिळले जातात. फ्लॅट, म्हणजे कमी रुंद चित्राचा, सिनेमा स्कोपच्या, म्हणजे जास्त रुंद चित्राच्या, सेटिंगवर लागला तर पात्रांची डोकी कापली जातात. सर्व्हर यातलं काहीच बघत नाही, तो दिलेली प्लेलिस्ट चालवतो.

तिकिटाचे दर, पॉपकॉर्न, ओटीटी हे तुमचे बाकीचे मुद्दे माझ्या लेखात नव्हतेच, सोडून देतो. पुढच्या वेळी चित्र अंधारलेलं दिसलं तर मॅनेजरला एवढंच विचारा, दिव्याचे किती तास झाले? तो कुणाला विचारायला जातो, ते बघा.