खुर्ची ज्युलियन बाँडची, की १३६ नंबरच्या मतदारसंघाची?

एक जुना कृष्णधवल फोटो आहे. अटलांटा, जॉर्जिया राज्याची विधानसभा, १० जानेवारी १९६६. आजूबाजूचे आमदार उजवा हात वर करून उभे आहेत, शपथविधी चाललाय. मधेच कोट-टायमधला एक सडपातळ, देखणा काळा पोरगा आपल्या खुर्चीत बसून राहिलाय. सभागृहाच्या क्लार्कने त्याला शपथ द्यायला नकार दिला होता. हा ज्युलियन बाँड. चार दिवसांनी, आपल्या संक्रांतीच्या दिवशी, त्याला सव्वीस पूर्ण होणार होती.

या फोटोबद्दल लिहिणारे बहुतेक जण बाँडच्या धैर्याबद्दल लिहितात. मला मात्र फोटोत नसलेली माणसं आठवतात. मतदारसंघ क्रमांक १३६, मतदार अंदाजे साडेसहा हजार, त्यातले सहा हजार काळे. जून १९६५ मध्ये त्यांनी बाँडला २,३२० मतं दिली, विरोधी उमेदवाराला ४८७. ज्या जॉर्जियात १९४६ पर्यंत डेमोक्रॅटिक पक्षाची प्राथमिक निवडणूक, म्हणजे पक्षाचा उमेदवार ठरवणारं मतदान, फक्त गोऱ्यांसाठी होती, तिथली ही मतं. आणि तिथे खरी निवडणूक प्राथमिक फेरीतच संपायची, पुढचं सगळं उपचारापुरतं.

मग याचा गुन्हा काय? बाँड 'स्निक' या विद्यार्थी संघटनेचा प्रसिद्धीप्रमुख होता. अहिंसक मार्गाने वर्णभेदाशी लढणारी ही पोरं, १९६० पासून रस्त्यावर. ३ जानेवारी १९६६ ला अलाबामातल्या टस्कीगीत सॅमी यंग नावाच्या एकवीस वर्षांच्या काळ्या मुलाला एका पेट्रोल पंपावर गोळी घातली गेली. कारण काय, तर गोऱ्यांसाठी राखीव संडास त्याला वापरायचा होता. हा मुलगा अमेरिकी नौदलात नोकरी करून आलेला! तीन दिवसांनी स्निकने पत्रक काढलं: व्हिएतनाममध्ये स्वातंत्र्याच्या नावाने लढणारं सरकार घरात स्वातंत्र्य देत नाही, आणि सक्तीच्या सैन्यभरतीला नकार देणाऱ्या तरुणांच्या पाठीशी आम्ही आहोत. पत्रकाराने बाँडला विचारलं, हे तुला मान्य आहे का? तो म्हणाला, आहे.

बस, एवढंच. ७५ आमदारांनी त्याच्याविरुद्ध अर्ज केले. ज्याने असं बोलावं त्याने राज्यघटनेची शपथ खऱ्या मनाने घेतली असं कसं मानायचं, हा त्यांचा मुद्दा. त्याच दिवशी समितीपुढे सुनावणी झाली. भरतीची कार्डं जाळण्याबद्दल खोदून खोदून विचारलं. बाँडने सांगितलं की कार्ड जाळा असं मी कुणालाही म्हटलेलं नाही, माझं कार्ड माझ्या खिशात आहे, हवं तर दाखवतो. ही जागा मला फार आवडते. समोर सगळं सभागृह देशद्रोही ठरवायला बसलंय आणि हा खिशाला हात लावून सांगतोय, बघायचंय का?

मतदान झालं. १८४ विरुद्ध १२. बाँड बाहेर.

पुढचं वर्ष म्हणजे कमाल आहे. फेब्रुवारीत रिकाम्या जागेसाठी पोटनिवडणूक लागली, बाँडच प्रचंड मतांनी जिंकला. शब्द मागे घेतोस का, असं पुन्हा विचारलं. नाही म्हणाला, पुन्हा बाहेर. नोव्हेंबरमध्ये नियमित निवडणूक, पुन्हा तोच. त्या साडेसहा हजारांनी दीड वर्षात तीनदा एकच नाव सांगितलं आणि त्यांच्या नावाची खुर्ची वर्षभर रिकामी राहिली. दरम्यान बाँड कोर्टात गेला होता आणि खालच्या कोर्टात २ विरुद्ध १ हरला होता. ५ डिसेंबर १९६६ ला सुप्रीम कोर्टाने एकमताने सांगितलं की आमदाराची शपथ मनापासूनची आहे का, हे बहुमताने ठरवायचं नसतं. धोरणावर टीका करायचा जेवढा हक्क साध्या नागरिकाला आहे, तेवढा आमदारालाही आहे. निकाल सरन्यायाधीश अर्ल वॉरन यांनी लिहिला.

आपल्याकडेही २०२१ च्या जुलैत बारा आमदार वर्षभरासाठी निलंबित झाले होते, आठवत असेल. प्रकरण वेगळं, आरोप वेगळा. पण जानेवारी २०२२ मध्ये ते निलंबन रद्द करताना आपल्या सुप्रीम कोर्टाचाही एक मुद्दा हाच होता: तेवढा काळ त्या मतदारसंघाला सभागृहात कुणीच उरत नाही. पक्ष कुठला ते कृपया कमेंटमध्ये आणू नका, मला त्या वादात रस नाही.

९ जानेवारी १९६७ ला बाँडने अखेर शपथ घेतली. दुसऱ्याच दिवशी त्याच विधिमंडळाने लेस्टर मॅडॉक्सला राज्यपाल निवडलं, कारण निवडणुकीत कुणालाच स्पष्ट बहुमत नव्हतं. तिथला राज्यपाल म्हणजे आपला मुख्यमंत्रीच. मॅडॉक्स म्हणजे आपल्या हॉटेलात काळी गिऱ्हाइकं येऊ नयेत म्हणून पिस्तूल घेऊन दारात उभा राहिलेला माणूस! अशा सभागृहात वीस वर्षं काढायची. आधी हाउसमध्ये, म्हणजे राज्याच्या खालच्या सभागृहात, मग १९७५ पासून सिनेटमध्ये, म्हणजे वरच्या सभागृहात. वर्षाला चाळीस दिवसांचं अधिवेशन, दर दोन वर्षांनी निवडणूक. १९६८ ला डेमोक्रॅटिक पक्षाच्या शिकागोच्या अधिवेशनात त्याचं नाव उपराष्ट्रपतिपदासाठी पुकारलं गेलं तेव्हा तो अठ्ठावीस वर्षांचा होता, घटनेला पस्तीस लागतात. त्याने हसत नाव मागे घेतलं. प्रसिद्धी भरपूर मिळाली, इतकी की सभागृहापेक्षा व्याख्यानांतच जास्त दिसतो अशी कुरकूर व्हायची. ती अगदीच खोटी होती असं मला वाटत नाही.

पण १९८०च्या दशकाच्या सुरुवातीला मतदारसंघांची फेररचना आली तेव्हा तो ठाण मांडून बसला. अटलांटाच्या काळ्या वस्त्यांचे तुकडे करू नका, अमेरिकेच्या संसदेसाठी (तिथली लोकसभाच म्हणा) काळ्यांचं बहुमत असलेला एक मतदारसंघ द्या, म्हणून राज्याच्या सिनेटमध्ये झगडला. प्रकरण कोर्टात गेलं आणि तसा पाचवा मतदारसंघ झाला.

१९८६ मध्ये तो तिथून उभा राहिला. समोर जॉन लुईस. स्निकच्या दिवसांपासूनचा जिवाभावाचा दोस्त, सेल्माच्या पुलावर मतदानाच्या हक्काच्या मोर्चात पोलिसांकडून डोकं फोडून घेतलेला. पहिल्या फेरीत बाँड पुढे होता, पण निम्मी मतं मिळाली नाहीत. दुसऱ्या फेरीत लुईसने त्याला ड्रग टेस्ट करून दाखव म्हणून आव्हान दिलं. काळ्या मतदारांत बाँड पुढे राहिला, गोऱ्यांची मतं लुईसकडे गेली आणि त्या थोड्या फरकावर बाँड हरला. मैत्री तुटली ती बरीच वर्षं तुटलेली राहिली.

ज्याच्या सीमारेषेसाठी तो भांडला, त्याच मतदारसंघाने त्याला नको म्हटलं. या वेळी समिती नव्हती, अर्ज नव्हते, कोर्ट नव्हतं. खासदारकीसाठी त्याने सिनेटची जागा सोडली होती, तीही गेली. पुढे तो व्हर्जिनिया विद्यापीठात मुलांना नागरी हक्क चळवळीचा इतिहास शिकवायला लागला.