अबोली नाव ठेवताना

मुलींसाठी फुलांची नावं सुचवणाऱ्या तुमच्या लेखात ‘अबोली म्हणजे सुगंधी फूल’ असं म्हटलंय, ते तेवढं दुरुस्त करा. अबोलीला वास नसतो. तिची ओढ रंगात आहे, आणि माळलेली फुलं बराच वेळ तजेलदार राहतात त्यात. गंधाचंच नाव हवं असेल तर बकुळ घ्या: फूल सुकलं तरी वास टिकतो, शिवाय ‘बकुळा’, ‘बकुल’ अशी दोन्ही रूपं मिळतात. प्राजक्ता हे रात्री उमलून पहाटे गळणारं फूल. शेफाली त्याचंच दुसरं नाव, त्यामुळे बहिणी-बहिणींना ही दोन्ही ठेवलीत तर फूल एकच होईल!

‘अबोली म्हणजे न बोलणारी, मुलगी घुमी होईल’ ही शंका काही मनावर घेऊ नका. या झाडाची वाळलेली बोंडं पाण्याचा थेंब पडताच तडकतात आणि बी लांब उडतं. गप्प बसणारं झाड नव्हे ते.

खरी अडचण इंग्रजी स्पेलिंगची. ‘जुई’चा शेवट कुणी एका ‘आय’ने करतं, कुणी दोन ‘ई’ लावून. जन्मदाखल्यावर एक आणि शाळेत दुसरं झालं की पासपोर्टच्या वेळी खेटे सुरू. पहिला अर्ज भरण्याआधीच स्पेलिंग ठरवा आणि मराठी न येणाऱ्या कुणाकडून तरी ते मोठ्याने वाचून घ्या. ‘जाई’चं ‘जय’ झालं तर तिथेच कळेल. आडनावासकटही म्हणून बघा. ‘जुई जोशी’ जमतं, ‘केतकी केतकर’ जरा अडखळतं.