माल्टाची मंदिरं कुणी बांधली? राक्षसांनी तर नक्कीच नाही

भूमध्य समुद्रातल्या माल्टाबद्दलचा एक मजकूर आपल्याकडे पुन्हा पुन्हा फिरत असतो. त्याचं म्हणणं थोडक्यात असं: तिथली अवाढव्य दगडी मंदिरं मोठ्या पिरॅमिडहून जुनी, जगातलं सगळ्यात जुनं दगडी बांधकाम आहेत, आणि ती साध्या माणसांना बांधता येणंच शक्य नाही. ती बुडालेल्या अटलांटिसमधल्या राक्षसी देहाच्या लोकांनी बारा हजार वर्षांपूर्वी उभारली. त्यांच्या लांबट कवट्या भुयारात सापडल्या, आणि सात हजार सांगाडे सरकारने गायब केले. तिथल्या खडकातल्या चाकोऱ्या म्हणजे विमानाची धावपट्टी. या बेटांविषयी मिळेल ते मी वर्षानुवर्षं वाचत आलो आहे, त्यामुळे हे वाचून गप्प बसवत नाही.

आधी राक्षसांचं बघू. माल्टाच्याच गोझो बेटावरच्या जगन्तिया या मंदिराच्या नावातच राक्षस आहे. वालासारखे दाणे आणि मध खाऊन राहणाऱ्या एका राक्षसिणीने कडेवर मूल घेऊन हे दगड वाहून आणले, अशी तिथली लोककथा आहे. कथा गोड आहे, पण ती दगड बघून सुचलेली आहे. मंदिर कुणी बांधलं हे दगडांनाच विचारायला हवं, आणि ते भरपूर सांगतात. माल्टात दोन जातींचा चुनखडक मिळतो, एक कठीण आणि एक मऊ. जगन्तियाच्या बाहेरच्या भिंतीला कठीण दगड खडबडीतच लावला आहे आणि आत, जिथे कोरीवकाम करायचं, तिथे मऊ दगड आणला आहे. कुठला दगड कुठे टिकेल याचं हे गवंड्याचं शहाणपण आहे. मऊ दगड उन्हापावसात किती झिजतो हे हजर ईम या दुसऱ्या मंदिरात दिसतं. तिथल्या भिंती इतक्या खात चालल्या होत्या की २००९ मध्ये सगळ्या मंदिरावर तंबूसारखं छत घालावं लागलं.

हजर ईममधला सर्वांत मोठा दगड २० टनांहून जड आहे, हे खरं. पण तार्शीनच्या मंदिरांत मोठ्या दगडांजवळ चेंडूसारखे गोल दगड सापडले, आणि जड शिळा त्यांच्यावरून सरकवत नेल्या असाव्यात असं अभ्यासक मानतात. त्या काळी तिथे धातू नव्हता. चकमकीसारखा दगड आणि लिपारी, पँतेलेरिया या बेटांवरून होडीने आणलेली ज्वालामुखीची काच, ही हत्यारं. मंदिरांतली जमीन चुनखडकाचा चुरा भिजवून, धोपटून केलेली. आणि ता हजरत या आणखी एका मंदिरस्थळी मंदिराची दगडात कोरलेली चिमुकली प्रतिकृती मिळाली आहे, तळहातावर मावेल एवढी. ही प्रतिकृती मला त्या २० टनांच्या शिळेपेक्षा मोठी वाटते, कारण इमारत आधी मनात धरणारा माणूस तिच्यात दिसतो. शिवाय हे लोक हळूहळू शिकत गेले. सुरुवातीची मंदिरं लहान, तीन दालनांची. तार्शीनच्या मधल्या मंदिरापर्यंत येताना दालनं सहा होतात.

आता बारा हजार वर्षं. इथे स्कोर्बा या मंदिरस्थळाचं उत्खनन बघावं. पुरातत्त्वज्ञ डेव्हिड ट्रंप यांनी १९६१ ते १९६३ मध्ये तिथे खोदलं, तेव्हा मंदिराच्या खालच्या थरांत आधीच्या शेतकऱ्यांची वस्ती मिळाली. त्या वस्तीचा काळ आजपासून सुमारे सात हजार वर्षांमागे जातो. मंदिर तिच्यावर उभं आहे, मग ते बारा हजार वर्षांचं कसं असेल? कार्बन कालमापनानुसार मंदिरबांधणी इ.स.पू. ३६०० च्या सुमारास सुरू होते. म्हणजे ती गिझाच्या मोठ्या पिरॅमिडहून हजारेक वर्षांनी जुनी, हे त्या मजकुरात बरोबर आहे. 'जगातलं सगळ्यात जुनं दगडी बांधकाम' मात्र नाही. तुर्कस्तानातलं गोबेक्ली तेपे त्याच्याही कितीतरी आधीचं आहे.

अटलांटिसची गोष्ट प्लेटोची. त्याने ते बेट 'हेराक्लीसच्या खांबां'पलीकडे, म्हणजे जिब्राल्टरच्या बाहेर ठेवलं. माल्टा भूमध्याच्या ऐन मध्यावर आहे. एवढं पुरे.

खडकातल्या समांतर चाकोऱ्यांना विमानाची धावपट्टी म्हणणं तर नुसतं फोटो बघून झालेलं आहे. त्या नेमक्या कधीच्या यावर वाद आहे, पण त्या वळतात, एकमेकींना छेदतात, चढ चढतात. ओझं वाहून नेणाऱ्या वाटा अशाच असतात.

सगळ्यात जास्त त्रास मला सांगाड्यांच्या मुद्द्याचा होतो. १९०२ मध्ये पाओला गावात घरांसाठी पाण्याची टाकी खोदताना कामगार हाल सफ्लिएनीच्या भूमिगत दफनस्थळात शिरले. सात हजार हा आकडा माल्टाचे पुरातत्त्वज्ञ थेमिस्टोक्लिस झामित यांनी नंतर केलेला अंदाज आहे. सात हजार सांगाडे कुणी मोजून कोठारात लावले नव्हते. हाडं एकमेकांत मिसळलेली, ठिसूळ होती. दफनं दीडेक हजार वर्षं चालू होती, म्हणजे वर्षाला पाचाहून कमी. लहानशा शेतकरी समाजाला हा हिशेब अगदी शोभतो. आणि त्या काळच्या नोंदींतला 'लांब डोक्याचे' हा शब्द कवटीची रुंदी आणि लांबी यांच्या प्रमाणावरून ठरणारा होता. अशी डोकी आजही आपल्या आसपास असतात.

त्याच काळातलं दुसरं दफनस्थळ गोझोवर शारा इथे आहे. १९८७ ते १९९४ या काळात ते सावकाश खोदलं गेलं आणि हाडांचे दोन लाखांहून जास्त तुकडे निघाले. तिथल्या काही जणांच्या डीएनएचा अभ्यास २०२२ मध्ये प्रसिद्ध झाला. मुळं युरोपातल्या इतर नवाश्मयुगीन शेतकऱ्यांसारखीच निघाली. वेगळेपण एवढंच की समाज फार लहान असल्याने जवळच्या नात्यांत संबंध झाल्याच्या खुणा ठळक दिसल्या.

हाल सफ्लिएनीत काही हरवलंच नाही असं नाही. तिथलं पहिलं उत्खनन करणारे जेझुइट पाद्री इमॅन्युएल माग्री यांना धर्मकार्यासाठी ट्युनिशियाला पाठवलं गेलं आणि १९०७ मध्ये स्फाक्स इथे ते वारले. त्यांचा अहवाल कधी छापला गेला नाही, टिपणंही सापडली नाहीत. कुठलं हाड कुठल्या दालनात, कशाशेजारी पडलं होतं, हे त्या टिपणांबरोबर गेलं.